भिंतीची आतली बाजू

मी भिंती रंगवून पोट भरलंय. घरांच्या नव्हे, शहराच्या. मध्यंतरी सगळ्याच शहरांना एकदम सुंदर दिसायची घाई झाली होती, आठवतं? पुलांचे खांब, शाळांची कंपाउंडं, मुताऱ्या, जिथे म्हणून सपाट जागा दिसेल तिथे मोर, कमळ, वारलीचा गोल नाच आणि खाली स्वच्छतेचा संदेश. त्यातले काही मोर माझे आहेत. एटीडी करून घरी बसले होते, कलाशिक्षकांची भरती निघत नव्हती आणि ठेकेदार स्क्वेअर फुटावर रोख पैसे देत होता.

एकदा नाल्याकडेची नवी भिंत मिळाली. दोनेकशे फूट लांब, माझ्या डोक्याच्या वर दोन हात उंच. भिंतीमागे वस्ती होती. वरून हुकूम आला, फ्लेमिंगो काढा. आमच्या शहरात फ्लेमिंगो कधी आला नाही, येणारही नाही, पण गुलाबी रंग फोटोत छान येतो. चौथ्या दिवशी मी परांचीवर उभी राहून पिसं काढत होते. खाली एक मावशी येऊन थांबल्या. काखेत कळशी. बराच वेळ बघत राहिल्या आणि म्हणाल्या, "ताई, आम्ही दिसू नये म्हणून काढताय ना हे?"

आवाजात राग नव्हता. पाऊस येणार का, असं विचारावं तसं त्यांनी विचारलं. मी म्हटलं, "नाही हो मावशी, शहर छान दिसावं म्हणून." बोलता बोलताच मला कळलं, की मी त्यांचंच वाक्य वेगळ्या शब्दांत परत केलंय. त्यांनाही कळलं असणार. त्या हसल्या आणि वळसा घालून वस्तीत गेल्या. भिंत बांधण्याआधी तिथून सरळ वाट होती.

भिंत पूर्ण झाली, पैसे मिळाले. इन्स्टावर टाकलेल्या फोटोला त्या वर्षातले सगळ्यात जास्त लाइक्स आले. त्यानंतर मी भिंती घेणं बंद केलं. कुणी विचारलं तर सांगायचे, कंबर दुखते.

पुढच्या वर्षी ताईला बाळ झालं. ताई आणि भावजी लॉस एंजेलिसला असतात. शहराच्या उत्तरेला सॅन फर्नांडो व्हॅली म्हणून पसरट भाग आहे, त्यात व्हॅन नाइसला. आईचे गुडघे एवढा प्रवास झेपवणारे नव्हते, म्हणून बाळाला सांभाळायला दोन महिने मी गेले. सकाळी बाळाला बाबागाडीत घालून फिरवून आणायचं, म्हणजे ताईला दोन तास झोप मिळे. तिथे पायी चालणारी मी आणि कुत्री फिरवणारे म्हातारे, एवढेच.

आठवड्याभरात चालत चालत कोल्डवॉटर कॅनियन अॅव्हेन्यूपर्यंत पोचले. रस्त्याकडेला जाळीचं कुंपण आणि जाळीपलीकडे खोल, रुंद, सिमेंटचा नाला. तळाला पाण्याची बारीक धार. नाला बघून मला घरची आठवण आली, यात काही नवल नाही. पण समोरच्या काठाची भिंत रंगवलेली होती. डावीकडे बघितलं, रंगवलेली. उजवीकडे बघितलं, तिकडेही. टोक दिसत नव्हतं.

मी पहिल्यांदा काय केलं असेल? स्क्वेअर फूट मोजले. धंद्याची सवय.

ती 'द ग्रेट वॉल ऑफ लॉस एंजेलिस'. लांबी २,७५४ फूट, म्हणजे जवळपास ८४० मीटर. उंची साडेतेरा फूट. १९७६ ते १९८३ या काळातल्या पाच उन्हाळ्यांत रंगवलेली. आणि रंगवणारे कोण, तर चारशेहून जास्त किशोरवयीन मुलंमुली. पहिल्या उन्हाळ्यात ऐंशी होती. त्यातली बरीच पोलीस-कोर्टाच्या चकरा मारून आलेली. सोबत काही चित्रकार आणि इतिहासाचे अभ्यासक. या सगळ्यांना एकत्र आणणारी बाई म्हणजे ज्युडी बाका.

बाकाचा जन्म १९४६चा, लॉस एंजेलिसचाच. घर मेक्सिकन मुळांचं. आई टायरच्या कारखान्यात कामाला, त्यामुळे लहानपणी सांभाळलं ते आजीनं आणि मावशांनी. पुढे ती आईबरोबर पकोइमाला राहायला गेली. हा भागही याच व्हॅलीतला. घरची भाषा स्पॅनिश आणि शाळेत स्पॅनिश बोलायला बंदी. इंग्रजी येईना, तेव्हा बाईंनी तिला एका कोपऱ्यात बसवून चित्रं काढायला दिली. बाकीचा वर्ग अभ्यास करायचा, ही रंगवायची. आपल्याकडेही अभ्यासात मागे पडणाऱ्या मुलाला 'जा, फळा सजव' म्हणतात, तसंच. शाळेत चित्रकलेकडे लोटलेली अशी मुलं मला फार ओळखीची वाटतात. मी त्यातलीच आहे.

शिकून तिनं कलेची पदवी घेतली आणि एकदा आपलं काम आजीला दाखवलं. आजीनं विचारलं, हे कशासाठी असतं?

'उपयोग काय' हा प्रश्न कलेच्या वाटेला गेलेल्या प्रत्येकीनं ऐकलेला असतो. मला तो आत्यानं विचारलाय, बँकेतल्या माणसानं विचारलाय, बघायला आलेल्या मुलाच्या वडिलांनी तर दोनदा विचारलाय. त्यांचा अर्थ असतो, पैसे किती मिळतात? बाकाच्या आजीचा प्रश्न तो नव्हता. ती औषधपाणी करणारी, गावठी उपचारांची जाणकार बाई. तिच्या जगात प्रत्येक वस्तू कुणासाठी तरी असायची. पाला तापासाठी, काढा खोकल्यासाठी. मग हे चित्र कुणासाठी? नातीकडे उत्तर नव्हतं, कारण आजी ज्या लोकांत राहत होती त्यातलं कुणी गॅलरीत जात नव्हतं.

त्या प्रश्नाचं पहिलं उत्तर तिनं १९७० साली दिलं. शहराच्या उद्यान विभागाकडून ती बॉइल हाइट्समध्ये चित्रकला शिकवत होती. हा मेक्सिकन कष्टकऱ्यांचा मोहल्ला, गल्लीगणिक पोरांच्या टोळ्या. एका टोळीच्या पोरानं दुसऱ्याच्या हद्दीत पाऊल टाकलं की मारामारी. तिनं एकमेकांच्या वैरी असलेल्या चार टोळ्यांमधली वीस पोरं गोळा केली आणि हॉलेनबेक पार्कातल्या बँडस्टँडवर त्यांच्याबरोबर भित्तिचित्र काढलं. काम चालू असताना कुणी चालून येतंय का, हे बघायला पहारा ठेवावा लागे. चित्राचं नाव 'मी आबुएलिता', म्हणजे माझी आजी. बँडस्टँडच्या कमानीत मावेल अशी भलीमोठी आजी, दोन्ही हात पसरून, या रे सगळे म्हणत असल्यासारखी. आता सांगा, आजीच्या मिठीत कोणत्या टोळीची हद्द असते?

हे वाचताना मी खुर्चीत सरळ होऊन बसले. बाळ मांडीवर झोपलं होतं, मोबाइल एका हातात. मी एवढ्या भिंती रंगवल्या, पण भिंतीमागे राहणाऱ्या एकाही पोराच्या हातात ब्रश दिला नव्हता. तसं कंत्राटात नव्हतं, हे खरं. माझ्या डोक्यातही आलं नव्हतं, हेही खरं. पोरं रोज येऊन बघायची. मी म्हणायचे, "हात लावू नका रे, ओलं आहे."

पुढे बाकानं शहरभर भित्तिचित्रांचा सरकारी कार्यक्रम उभा केला. त्यातून चारशेच्या वर चित्रं झाली. पण सरकारी पैसा आला की सरकारी डोळाही येतो. मोहल्ल्यातल्या लोकांनी पोलिसांशी होणारे झगडे भिंतीवर आणले, तेव्हा वरून नापसंती सुरू झाली. मोर काढा, असं तिलाही सांगितलं असणार, त्यांच्या भाषेत. १९७६ साली तिनं क्रिस्टिना श्लेसिंगर आणि डॉना डाइच या दोघींबरोबर वेगळी संस्था काढली, 'सोशल अँड पब्लिक आर्ट रिसोर्स सेंटर'. सगळे तिला 'स्पार्क' म्हणतात. आणि संस्थेला जागा कुठली मिळाली? व्हेनिस भागातली जुनी, बंद पडलेली पोलीस चौकी. कोठड्यांसकट. ज्या पोरांना एरवी पोलिसांनी आत टाकलं असतं, ती पोरं आता तिथे स्वतःहून यायला लागली.

एका शनिवारी मी ताई-भावजींच्या मागे लागून तिथे गेले. नेमकं बंद होतं. भावजी म्हणाले, "पोलीस स्टेशन बघायला एवढं पेट्रोल जाळलं?" मी बाहेर उभी राहून दाराचा फोटो काढला.

त्या शहरात अशी ही एकच जागा नव्हती. शहराच्या पूर्व भागात १९७०च्या सुमाराला सिस्टर कॅरन बोकालेरो नावाच्या ननबाईंनी काही चित्रकारांबरोबर एका गॅरेजमध्ये छापखाना सुरू केला. कागदावर ठसे उमटवायचा, सिल्कस्क्रीनचा. त्यातून 'सेल्फ हेल्प ग्राफिक्स' उभं राहिलं. ज्यांना गॅलऱ्या दारात उभं करत नव्हत्या अशा चिकानो चित्रकारांच्या कित्येक पिढ्या तिथे तयार झाल्या. चिकानो म्हणजे अमेरिकेत राहणारे, मेक्सिकन मुळांचे आणि ते मूळ मिरवणारे लोक. बाई असेल तर चिकाना. मुळात हा हिणवायचा शब्द, तो त्यांनी उचलून छातीवर लावला. याच लोकांनी पुढे एक मोठी गाडीच स्टुडिओसारखी सजवली आणि ती मोहल्ल्यामोहल्ल्यात, शाळाशाळांत नेली. आपल्याकडे फिरतं ग्रंथालय असायचं, तशी फिरती चित्रशाळा.

या जागा पैसेवाल्यांनी बांधून दिलेल्या नव्हत्या. गॅरेज, चौकी, गाडी, नाला. जे बाकीच्यांनी टाकून दिलं, ते यांनी उचललं.

नाल्याचं तर तसंच. तुम्हाला वाटेल नाला म्हणजे नालाच. पण ती एकेकाळी नदीची शाखा होती, तुहुंगा वॉश. १९३८ साली लॉस एंजेलिसला मोठा पूर आला आणि त्यानंतर सैन्याच्या अभियंत्यांनी नदी आणि तिच्या शाखा सिमेंटमध्ये बांधून टाकल्या. पूर थांबले, नदीही संपली. त्याच अभियंत्यांनी १९७४ साली बाकाला बोलावलं, नाल्याच्या कडेनं काहीतरी शोभेचं करा म्हणाले. बाकानं पाहिलं आणि तिला ते सिमेंट जखमेच्या वणासारखं दिसलं. नदी होती तिथे आता वण, त्या वणावर गोंदण करायचं, असं ती नंतर सांगत आली आहे. गोंदण म्हटलं की मला माझ्या आजीच्या हातावरची हिरवी तुळस आठवते. गोंदणानं वण नाहीसा होत नाही. पण वण कुणाचा आहे, ते सांगता येतं.

म्हणून भिंतीवर शोभा नाही, इतिहास आहे. पण शाळेच्या पुस्तकात न येणारा. सुरुवात माणसाच्याही आधीच्या प्राण्यांपासून, मग तिथले मूळ रहिवासी चुमाश, मग स्पॅनिश लोक, आणि पुढे एकेक दशक. १९३०च्या मंदीत मेक्सिकन वंशाच्या लोकांना, त्यातल्या अमेरिकेतच जन्मलेल्यांनाही, आगगाड्यांत भरून सीमेपलीकडे पाठवलं, ते आहे. दुसऱ्या महायुद्धात जपानी वंशाच्या नागरिकांना छावण्यांत डांबलं, ते आहे. एका चित्रात मोठमोठे हमरस्ते अजगरासारखे वळसे घेत एका कुटुंबाला विळखा घालतात, माणसं एकमेकांपासून तुटतात आणि वरून एक स्टेडियम उडत्या तबकडीसारखं खाली उतरतंय. ती चावेझ रवीनची गोष्ट. १९५०च्या दशकात तिथली मेक्सिकन वस्ती सरकारी घरं बांधायची म्हणून उठवली. घरं झालीच नाहीत, बेसबॉलचं स्टेडियम झालं. त्या चित्रासमोर मी रोज थांबायचे. आमच्या शहरातल्या रस्तारुंदीत गेलेल्या गल्ल्या मला त्यात दिसायच्या.

बाकानं हे एकटीनं ठरवलं नाही. अभ्यासक आणि म्हातारी माणसं मुलांना गोष्टी सांगत, मुलं घरून स्वतःच्या गोष्टी आणत, त्यातून रेखाटनं होत. मग चौकटी आखून ती भिंतीवर मोठी करायची. हे तंत्र आपण इंटरमिजिएटच्या परीक्षेच्या वेळी शिकलेलो असतो, त्यात जादू काही नाही. मधल्या काळात, १९७७ला, ती स्वतः मेक्सिकोत सिकेरोस या थोर भित्तिचित्रकाराच्या कार्यशाळेत जाऊन मोठ्या भिंतींचं तंत्र शिकून आली. आणि मुलांना मजुरी मिळे. हे मला फार महत्त्वाचं वाटतं. 'अनुभव मिळेल' म्हणून फुकट राबवलं नाही.

भिंत रंगवली म्हणून त्या सगळ्यांची आयुष्यं सरळ झाली, असं मी म्हणणार नाही. भिंतीकडून तेवढी अपेक्षा करू नये. पण पन्नाशी-साठीतला कुणी माणूस आज कुंपणाशी येऊन नातवाला म्हणू शकतो, तो रुमालवाला दिसतो ना, तो मी रंगवलाय. माझ्या फ्लेमिंगोंकडे बोट दाखवून वस्तीतलं कुणी काय म्हणेल?

बाकाची कारकीर्द वाचताना मला एक गोष्ट फिरून फिरून दिसली. तिचं चित्र बघणाऱ्याला आत ओढतं. १९७६चं 'लास त्रेस मारियास' घ्या. तीन माणूसभर उंच फळ्या. एका बाजूच्या फळीवर एक बाई, दुसऱ्या बाजूला दुसरी, दोघीही मोहल्ल्यातल्या बंडखोर पोरींच्या अवतारात. त्यातली एक बाका स्वतः. आणि मधल्या फळीवर आरसा. तिसरी मारिया कोण, तर जी समोर उभी असेल ती.

दुसरं उदाहरण जरा बोचरं आहे. १९९३ साली तिनं बाल्डविन पार्क या गावच्या रेल्वे स्टेशनवर कमान आणि फरशी यांचं एक काम केलं. त्यावर गावातल्या लोकांची वाक्यं कोरली. त्यातल्या एकाचा अर्थ असा, की ते आले त्याआधी इथे जास्त चांगलं होतं. २००५ साली स्थलांतरितांच्या विरोधातले लोक तिथे निदर्शनं करायला आले. हे वाक्य गोऱ्यांच्या विरोधात आहे, काढून टाका, म्हणाले. बाकानं सांगितलं, की ते वाक्य एका गोऱ्या रहिवाशाचंच आहे, मेक्सिकन लोक राहायला आले त्याबद्दलचं. वाक्य आजही तिथे आहे. 'ते' म्हणजे कोण, हे वाचणाऱ्यावर सोडलेलं.

मान मिळायला तिला वेळ लागला. २०१७ साली ग्रेट वॉल देशाच्या ऐतिहासिक स्थळांच्या यादीत गेली. २०२१ साली भिंत पुढे वाढवायला एका मोठ्या फाउंडेशननं पन्नास लाख डॉलर दिले. २०२३-२४ मध्ये शहराच्या मुख्य कलासंग्रहालयात ती आणि तिचे सहकारी लोकांच्या डोळ्यांदेखत पुढच्या दशकांचे भाग रंगवत होते. २०२३ सालीच राष्ट्राध्यक्षांच्या हातून राष्ट्रीय कलापदक. तरी मधे २०१९ला काय झालं? १९८४च्या ऑलिंपिकसाठी तिनं हमरस्त्याच्या भिंतीवर काढलेली, फीत तोडून जाणारी मॅरेथॉन धावपटू कुणीतरी रंगाचा हात मारून पुसून टाकली. त्या ऑलिंपिकात बाया पहिल्यांदा मॅरेथॉन धावल्या होत्या, त्याचं ते चित्र. एवढं नाव झाल्यावरही भिंत ही भिंतच असते, रोलर घेऊन कोणीही येतो.

पण ग्रेट वॉल टिकली आहे. मधे रंग उडाले, तेव्हा दुरुस्ती झाली. तिच्याकडे लक्ष ठेवणारी माणसं आहेत म्हणून. गॅलरीला रखवालदार ठेवता येतो. नाल्यातल्या चित्राला मोहल्लाच राखतो.

मी परत आले. जेट लॅग गेल्यावर एका रविवारी आमच्या नाल्याकडे गेले. फ्लेमिंगोंवर क्लासची जाहिरात चिकटवली होती, दोघांच्या माना तिच्याखाली गेल्या होत्या. मला वाईट वाटलं नाही. मी वळसा घालून मागे गेले, पहिल्यांदाच. भिंतीच्या आतल्या बाजूला नुसतं करडं प्लास्टर होतं. खिळे, पिशव्या, वाळत घातलेले कपडे. आम्हाला पैसे फक्त बाहेरच्या बाजूचे मिळाले होते, आणि दोनशे फुटांच्या त्या भिंतीला आणखी दोनशे फूट आहेत, हे स्क्वेअर फूट मोजणाऱ्या माझ्याही लक्षात आलं नव्हतं.

मावशींनी ओळखलं. "आता काय राहिलं काढायचं?"

मी म्हटलं, "मावशी, आतल्या बाजूनं काय काढू?"

त्यांनी पदरानं तोंड पुसलं, भिंतीकडे बघितलं. "इथं नळ होता," म्हणाल्या. "ह्या इथं. भिंत घातली तेव्हा गेला. सगळ्या बाया तिथंच भेटायच्या. भांडायच्या पण तिथंच."

मग कुणीतरी म्हणालं, नळाशेजारी चिंच होती. चिंच होती की जांभूळ, यावर वाद झाला. तीन माणसं घराबाहेर आली. नऊ पोरं जमली. माझ्याकडे उरलेलं डिस्टेंपर होतं, चार ब्रश होते. मजुरी म्हणून वडापाव दिले, बाकापेक्षा माझी ऐपत कमी. दोन रविवार लागले. चौकटी पोरांनीच आखल्या, वाकड्या. नळ काढायचा मान सहावीतल्या एका मुलाला मिळाला, कारण त्यानं तो कधीच पाहिला नव्हता आणि मावशींनी त्याला शेजारी बसून सांगितला.

नळ झकास झाला. पितळी, मोठा, खाली हंडे आणि बायांची रांग. मी म्हटलं, "अरे, पाण्याची धार काढ ना."

त्यानं माझ्याकडे असं बघितलं, की हिला काहीच कसं माहीत नाही.

"ताई," तो म्हणाला, "पाणी संध्याकाळी येतं."